साक्षीदार म्हणून केलेली एक सही

वाचकाचं पत्र, थोडं आवरून:

"सातारा जिल्ह्यातल्या एका गावातून लिहिते आहे. वडिलोपार्जित एक एकर दहा गुंठे जमीन तिघांच्या सारख्या हिश्श्याने होती: यांचे चुलतभाऊ (आमचे भाऊजी), हे आणि आत्याबाई. मार्च २०२३ मध्ये ती पुण्याच्या एका गृहस्थांना २४ लाखांना खरेदी दिली. आत्याबाई ठाण्याला असतात, म्हणून त्यांच्या वतीने भाऊजींनीच मुखत्यार म्हणून सही केली. यांनी स्वतःच्या हिश्श्यापुरती सही केली. खात्यावर तीन लाख आले, बाकीचे भाऊजी नंतर देणार होते. आता आत्याबाई म्हणतात, मी मुखत्यारपत्र दिलंच नाही, अंगठा माझा नाही. खरेदीदाराने भाऊजी, हे आणि आणखी दोघांवर गुन्हा दाखल केलाय: ४२०, ४६७, ४६८, ४७१ आणि ३४. पोलिसांचा फोन येतो, 'साहेबांनी बोलावलंय, येऊन जा.' माझा भाऊ म्हणतो, महिनाभर सुरतेला माझ्याकडे पाठव. शेजारचे सर म्हणतात, सात वर्षांच्या आतल्या गुन्ह्यात अटकच करता येत नाही, आणि ४२० तर रद्द झालंय. भाऊजींनी त्यांचेच वकील आम्हालाही दिलेत; ते म्हणतात, दोघांनी मिळून पैसे भरायची हमी द्या, जामीन लगेच होईल. आत्याबाईंच्या पाया पडून त्यांना जबाब बदलायला सांगू का? मुलीचं लग्न मे महिन्यात आहे. हे मांडवात असतील ना? आणि हो, मुखत्यारपत्रावर साक्षीदार म्हणूनही यांची सही आहे, पण ती नुसती साक्षीदाराची."

ताई,

तुमचं पत्र चार पानांचं होतं. त्यातलं सगळ्यात महत्त्वाचं वाक्य तुम्ही शेवटी, जाता जाता लिहिलंत. त्या 'नुसत्या' सहीकडे येतेच. पण फोन रोज वाजतोय, तेव्हा आधी घाईचं बोलू.

यजमानांना सुरतेला पाठवू नका. तुमच्या भावाचा जीव तुटतोय हे समजतं, पण याहून वाईट सल्ला देता आला नसता. अटकपूर्व जामीन देताना न्यायाधीश जे दोन-तीन प्रश्न स्वतःला विचारतात, त्यात एक असतोच: हा माणूस पळून जाईल का? महिनाभर घराला कुलूप आणि फोन बंद असला की त्या प्रश्नाचं उत्तर तुम्हीच लिहून दिलेलं असतं. पोलीस मग वॉरंट घेतात, त्यानंतर फरारी म्हणून जाहीरनामा काढतात, आणि जाहीरनामा निघालेल्याला अटकपूर्व जामीन सहसा मिळत नाही. सर्वोच्च न्यायालयाने हे २०१२ मध्ये सांगितलं, २०२४ मध्ये पुन्हा सांगितलं. २०२४ च्या त्या निकालात आणखी एक गोष्ट आहे, जी पुष्कळांना ठाऊक नसते. अर्ज दाखल केला म्हणजे संरक्षण मिळालं असं नाही. कोर्टाने अंतरिम आदेश (अर्जाचा निकाल लागेपर्यंत अटक नको, असा) दिला नसेल, तर अर्ज टेबलावर असतानाही अटक होऊ शकते. म्हणून अर्जासोबत पहिल्याच तारखेला अंतरिम संरक्षण मागायचं. पोलिसांचा से (अर्जावरचं लेखी म्हणणं) येईपर्यंत थांबू म्हणणारे वकील असतील, तर तुम्ही आग्रह धरा.

फोनवरच्या 'येऊन जा'ला कायद्यात काही किंमत नाही. हजर राहण्याची नोटीस लेखी असते, नव्या नागरिक सुरक्षा संहितेत कलम ३५(३) ची, जुन्या लोकांच्या तोंडी अजून '४१-अ ची नोटीस'. ती व्हॉट्सॲपवर पाठवली तर बजावणी झाली असं धरू नये, असंही सर्वोच्च न्यायालयाने २०२५ च्या जानेवारीत बजावलं आहे. पण म्हणून फोन टाळायचा नाही. वकिलामार्फत पोलीस ठाण्याला दोन ओळींचं पत्र द्या: तपासात सहकार्य करायची तयारी आहे, लेखी नोटीस द्यावी, अमुक पत्त्यावर राहतो. त्याची पोच घ्या. उद्या सरकारी वकील 'आरोपी सहकार्य करत नाही' म्हणाले, की ही पोच पुढे करता येते. नोटीस आली आणि यजमान ठरल्या तारखांना हजर राहिले, तर त्या गुन्ह्यात अटक करण्यासाठी अधिकाऱ्याला कारणं लिहावी लागतात.

आता शेजारच्या सरांकडे वळू. सरांचं अर्धं बरोबर आहे, आणि अर्धं बरोबर असलेला कायदा फार धोक्याचा. भारतीय दंड संहिता जाऊन १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता आली, फसवणुकीचं ४२० आता तिथे ३१८(४) झालं. पण तुमचा व्यवहार मार्च २०२३ चा. ज्या दिवशी गुन्हा घडला म्हणतात त्या दिवशीचा कायदा लागतो, त्यामुळे एफआयआरमध्ये ४२० दिसतंय ते चूक नाही. जामिनाचा अर्ज मात्र आज करायचा, म्हणून तो नव्या नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४८२ खाली. पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेत हेच ४३८ होतं. (गंमत अशी की त्या जुन्या प्रक्रिया संहितेत ४८२ म्हणजे गुन्हा रद्द करण्याचा हायकोर्टाचा अधिकार. तो आता ५२८ झाला. वकिलांच्या खोलीतही या दोन आकड्यांचा गोंधळ अजून चालतो, तेव्हा तुम्ही गोंधळलात तर वाईट वाटून घेऊ नका.)

सात वर्षांची गोष्ट खरी आहे. २०१४ च्या अर्नेश कुमार निकालाने पोलिसांना सांगितलं की सात वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्यात उठसूट अटक करायची नाही, आधी गरज काय ते लिहायचं. ४२० आणि ४६८ (फसवणुकीसाठी बनावट दस्त करणं) त्यात बसतात. ४६७ बसत नाही. मौल्यवान दस्तऐवज बनावट करण्याच्या त्या कलमाला जन्मठेप किंवा दहा वर्षांपर्यंत कैद आहे. जमिनीच्या प्रकरणात फिर्यादी ४६७ जोडायला का धडपडतात ते यावरून कळेल.

आणि इथेच ती साक्षीदाराची सही येते.

जमिनीच्या फसवणुकीत दोन प्रकार असतात, वरून सारखेच दिसतात. एकात माणूस म्हणतो, 'ही जमीन माझी आहे', आणि विकतो. ती त्याची नसते, किंवा पूर्ण त्याची नसते. दुसऱ्यात तो म्हणतो, 'ही जमीन आत्याची आहे, आणि आत्याने मला अधिकार दिलाय', आणि तो अधिकार खोटा असतो. २००९ च्या मोहम्मद इब्राहिम विरुद्ध बिहार राज्य या निकालात सर्वोच्च न्यायालयाने नेमकी ही रेघ ओढली. पहिल्या प्रकारात फसवणूक असू शकते, पण दस्त 'बनावट' ठरत नाही, कारण लिहून देणाऱ्याने स्वतःच्याच नावाने सही केलेली असते. ४६७ आणि ४७१ (बनावट दस्त खरा म्हणून वापरणं) तिथे टिकत नाहीत. दुसऱ्या प्रकारात, म्हणजे मालक म्हणून तोतया उभा केला किंवा खोटा अधिकार सांगितला, तर टिकतात.

तुमच्या यजमानांनी खरेदीखतावर स्वतःच्या हिश्श्याची सही केली. ती पहिल्या प्रकारातसुद्धा येत नाही, हिस्सा त्यांचाच होता. खरेदीखतापुरतं पाहिलं तर त्यांची बाजू चांगली आहे. भाऊजींचा दस्त मात्र, आत्याबाई खरं बोलत असतील तर, सरळ दुसऱ्या प्रकारात जातो. आणि मुखत्यारपत्रावरच्या साक्षीदाराच्या सहीने तुमचे यजमान त्या दुसऱ्या प्रकाराच्या उंबऱ्यावर येऊन उभे राहिलेत. साक्षीदाराची सही म्हणजे 'माझ्यादेखत आत्याबाईंनी अंगठा केला' असं म्हणणं. आपल्याकडे ती चहा पिता पिता करतात. 'ओळखीचा माणूस पाहिजे, कर इथे एक सही.' तहसीलसमोरच्या टपऱ्यांवर अशा सह्या मी वर्षानुवर्षं पाहिल्या आहेत, आणि सही करणाऱ्याने वरचा मजकूर वाचलेला फार क्वचित पाहिला आहे.

म्हणून आज रात्री यजमानांना शांतपणे विचारा: तो अंगठा झाला तेव्हा तुम्ही तिथे होता का? आत्याबाई समोर होत्या का? की भाऊजींनी कागद आणून दिला आणि तुम्ही सही केली? त्यांनी आत्याबाईंना खरोखर अंगठा करताना पाहिलं असेल, तर तसं ठाम सांगायचं, मग वाद आत्याबाईंच्या म्हणण्याचा आहे. आत्याबाई नसताना सही केली असेल, तर तो निष्काळजीपणा आहे, पण निष्काळजीपणा आणि कट यांत जमीन-अस्मानाचं अंतर आहे आणि ते कोर्टाला दाखवता येतं. आणि त्यांना सगळं माहीत असेल, तर तेही वकिलाला सांगायचं. वकिलाला सांगितलेलं गोपनीय राहतं, कायद्याने. काहीही असलं तरी अर्जात खोटं लिहायचं नाही. अर्जासोबत प्रतिज्ञापत्र जातं. 'मी आत्याबाईंना पाहिलं' असं आज लिहून दिलं आणि उद्या नोटरीच्या रजिस्टरवरची सही किंवा अंगठा जुळला नाही, तर अंतरिम संरक्षण गेलंच, शिवाय खटल्यात तेच वाक्य गळ्यात पडतं.

यावरून पुढचं ओघानेच आलं. भाऊजींचे वकील तुमचे वकील नकोत. माणूस म्हणून ते चांगले असतील, तो मुद्दा नाही. तुमच्या यजमानांचा बचाव असाच असणार की मुखत्यारपत्र भाऊजींनी आणलं, पैसे भाऊजींकडे गेले, मला तीनच लाख मिळाले. भाऊजींचा वकील हे वाक्य कोर्टात उच्चारू शकेल का? दोघांचा एकत्र अर्ज केला की दोघांच्या भूमिका एकत्र होतात, आणि एफआयआरमधल्या कलम ३४ ला, समान उद्देशाला, आपणच खतपाणी घालतो. वेगळा वकील, वेगळा अर्ज. भाऊबंदकीत हे सांगणं अवघड आहे, जाणते. 'कोर्टात प्रत्येकाला आपापला अर्ज लागतो' एवढं बोलून विषय संपवा.

ते तीन लाख. २४ लाखांतला तिसरा हिस्सा आठ लाख. आठच्या जागी तीन आले, हे तुमच्या अर्जातलं सगळ्यात बोलकं वाक्य आहे. जो कटात असतो तो आपल्या हक्कापेक्षा कमी घेऊन गप्प बसत नाही. बँकेचं स्टेटमेंट काढा. 'बाकीचे कधी देणार' असे मेसेज यजमानांनी भाऊजींना पाठवले असतील, तर सोन्यासारखे जपा. मोबाइलमधलं काहीही पुसू नका, अडचणीचं असलं तरी. पुसलेलं परत मिळवता येतं, आणि पुसलं हीच पुराव्याशी छेडछाड ठरते. याशिवाय खरेदीखत आणि त्याचं इंडेक्स टू (नोंदणी कार्यालयातला दस्ताचा गोषवारा), सातबारा, फेरफार, मुखत्यारपत्राची जी काही प्रत असेल ती, आणि यजमान इथेच राहतात, इथेच कमावतात हे सांगणारे कागद. एफआयआरची प्रत महाराष्ट्र पोलिसांच्या सिटिझन पोर्टलवर पाहा.

आता हमीचं. 'पैसे भरतो म्हणा, जामीन लगेच' हा रस्ता इतकी वर्षं सर्रास चालला की तो कायदाच आहे असं लोकांना वाटतं. सर्वोच्च न्यायालयाने २०२३ मध्ये, जमिनीवरच्या बांधकामाच्याच एका वादात, स्पष्ट म्हटलं की फौजदारी कोर्ट म्हणजे वसुलीचं दुकान नाही, जामिनासाठी वादातली रक्कम भरायची अट घालू नये. आणि जुलै २०२५ मध्ये, महाराष्ट्रातल्याच प्रकरणात, एक पाऊल पुढे जाऊन सांगितलं की आरोपी रक्कम भरायची हमी देतोय म्हणून जामीन देऊ नका, गुणवत्तेवर द्या किंवा नाकारा. त्या माणसाने हमी देऊन जामीन घेतला होता आणि पैसे भरलेच नव्हते. तेव्हा हा रस्ता आता कोर्टालाही नको आहे. तुम्हाला तर अजिबात नको: तीन लाख मिळालेल्या माणसाने चोवीस लाखांच्या हमीवर सही करायची, आणि भाऊजींनी हात वर केले की जामीन यजमानांचा जायचा. मला विचाराल तर तीन लाख वेगळे ठेवा, खर्चू नका. ते कोर्टात किंवा खरेदीदाराला, हक्क राखून, वकिलामार्फत आणि बँकेतून परत द्यायचे की नाही हे नवीन वकील ठरवतील. मध्यस्थाच्या हातात रोख एक रुपयाही नको. 'साहेबांना द्यायचेत' म्हणून कोणी येईल, येतातच. त्यांना दारातूनच परत पाठवा.

पुढे खरोखर तडजोड झाली तर तिलाही वाट आहे. ४२० कोर्टाच्या परवानगीने मिटवता येतं, ४६७ आणि ४६८ मिटवता येत नाहीत. पण मुळात दिवाणी स्वरूपाच्या वादात सगळ्यांची संमती असेल तर हायकोर्ट गुन्हा रद्द करू शकतं. सगळ्यांत आत्याबाईही आल्या. ते पुढचं.

आत्याबाईंच्या पाया पडायला जाऊ नका. हे वाक्य लिहिताना मलाच जड जातंय, कारण एरवी मी उलटाच सल्ला दिला असता. पण आज त्या या खटल्यातल्या मुख्य साक्षीदार आहेत. तुम्ही कितीही मायेने गेलात तरी उद्या त्यांच्या मुलाने 'जबाब बदलायला दबाव आणला' एवढं सांगितलं, की साक्षीदाराशी संपर्क केला म्हणून जामीन नाकारला जाईल, मिळाला असेल तर रद्द होईल. राखीपौर्णिमा, भाऊबीज यंदा राहू द्या. त्यांचा राग हिश्श्यावरून असेल तर तो रास्तही आहे. वडिलोपार्जित जमिनीत मुलींचा जन्मतः हक्क सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये पक्का केला, आणि आपल्या गावांत अजून 'ताईचं काय, ती सोडूनच देईल' असं धरून व्यवहार होतात. तुमच्या पत्रातही त्याची सावली आहे: त्यांच्या वाट्याच्या आठ लाखांचं काय झालं, हे तुम्ही कुठेच लिहिलं नाही.

अर्ज कुठे? आधी सत्र न्यायालयात, साताऱ्याला किंवा तुमचा तालुका ज्या अतिरिक्त सत्र न्यायालयाखाली येतो तिथे. तपास अधिकाऱ्याचा से येईल, त्यात बहुधा लिहिलेलं असेल: मूळ मुखत्यारपत्र जप्त करायचंय, सह्या-अंगठ्यांचे नमुने घ्यायचेत, म्हणून कोठडी हवी. याचं उत्तर तयार ठेवा. मूळ कागद कोणाकडे आहे ते अर्जात सांगा, तुमच्याकडे जे आहे ते हजर करायची तयारी लिहा. नमुन्यांसाठी तर अटकेची गरजच नाही, नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३४९ प्रमाणे दंडाधिकारी अटक न करताही नमुने द्यायला सांगू शकतात. कागदोपत्री प्रकरण, कागद सरकारी दप्तरात, पैसा बँकेत. मग माणूस कोठडीत कशाला, हा तुमचा खरा युक्तिवाद. अर्ज फेटाळला तर हायकोर्ट. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालं आहे आणि सातारा जिल्हा त्यात येतो, मुंबईची वारी वाचली. सत्र न्यायालयात अंतरिम संरक्षण मिळालेलं असेल, तर फेटाळतानाच ते काही दिवस चालू ठेवायची विनंती करायला वकिलांना सांगा. तोंडी मागितलं तरी कित्येकदा मिळतं, मागायचंच राहून जातं.

जामीन मिळाला तर तो किती दिवस? पूर्वी काही कोर्टं 'दोषारोपपत्र येईपर्यंत' असं लिहायची. २०२० च्या जानेवारीत पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने सुशीला अग्रवाल प्रकरणात सांगितलं की अटकपूर्व जामिनाला सहसा मुदत घालू नये, तो खटला संपेपर्यंत चालू राहू शकतो. दोषारोपपत्र आलं म्हणून आपोआप संपत नाही. आदेश हातात आला की वाचा, अटी पाहा. ठरावीक वारी पोलीस ठाण्यात हजेरी, साक्षीदारांशी संपर्क नाही, परवानगीशिवाय देशाबाहेर नाही, पत्ता बदलला तर कळवायचा. आणि एवढं लक्षात असू द्या की जामीन म्हणजे निर्दोष सुटका नव्हे. खटला चालणार आहे, आत्याबाईंचा दिवाणी दावाही येईल, फेरफारावर हरकत आली नसेल तर तीही येईल.

लग्नाचं विचारलंत. अंतरिम संरक्षण मिळालं आणि हजेऱ्या नीट पडल्या, तर मांडवात उभं राहायला काहीच आड येत नाही. लग्नाची तारीख आणि हजेरीचा वार एकाच दिवशी येत असेल तर पत्रिका जोडून आधीच अर्ज करा. तेवढ्या एका दिवसाची सूट मागायला कोणाला संकोच वाटायचं कारण नाही. मात्र अर्ज लग्नाच्या आधी करायचा, नंतर कारण सांगत बसायचं नाही. आणि आत्याबाईंना पत्रिका पाठवायची असेल तर ती टपालाने, वर काही न लिहिता.